कॅथरीन हेपबर्न: बंडखोर कसली, पक्की व्यवहारी बाई!

तिसरी_घंटा

परवा एका ग्रुपवर कुणीतरी कॅथरीन हेपबर्नचा पँटमधला तो फोटो टाकला आणि खाली नेहमीचंच, हॉलिवूडची पहिली बंडखोर, कुणापुढे वाकली नाही, बदामांचा पाऊस. मला राहवेना म्हणून हा धागा.

माझं म्हणणं, ती वाकली. चांगली कमरेत वाकली. पण कुठे वाकायचं आणि त्याचे किती वसूल करायचे हे तिने ठरवलं, आणि मला तिची खरी करामत ती वाटते, पँट नाही.

१९३८ साल घ्या. पहिलं ऑस्कर २६व्या वर्षी मिळवून झालेलं, १९३३चा 'मॉर्निंग ग्लोरी', आणि त्यानंतर एकामागून एक पिक्चर आपटलेले. थिएटरमालकांच्या संघटनेने पेपरात जाहिरातच दिली की हे हे लोक म्हणजे बॉक्स ऑफिसचं विष, यांना घेऊ नका. यादीत गार्बो, जोन क्रॉफर्ड, मार्लीन डीट्रिश आणि आपल्या बाईपण. आरकेओ स्टुडिओने तिला मुद्दाम एक फडतूस पिक्चर देऊ केला, तिने पैसे भरून करारातून स्वतःला सोडवून घेतलं आणि मध्ये कोलंबियासाठी एक सिनेमा करून कनेटिकटला घरी गेली. त्याच सप्टेंबरात मोठं चक्रीवादळ आलं आणि समुद्रकाठचं ते घरसुद्धा वाहून गेलं. म्हणजे करिअर पण पाण्यात आणि घर पण, अक्षरशः.

आता पुढचं बघा. नाटककार फिलिप बॅरी तिच्यासाठी 'द फिलाडेल्फिया स्टोरी' लिहितो. नाटक करणारी संस्था थिएटर गिल्ड तेव्हा स्वतःच कर्जात बुडालेली. ही म्हणते मला नाईट (प्रयोगाचं ठरलेलं मानधन) नको, गल्ल्यातला टक्का द्या. सिनेमाचे हक्क उद्योगपती हॉवर्ड ह्यूजने विकत घेऊन तिच्या हातात ठेवले. मार्च १९३९ला नाटक ब्रॉडवेवर आलं, चारशेच्या वर प्रयोग झाले, आणि मग हॉलिवूडवाले आले दारात. हक्क हवेत? मग हिरॉईन मी, दिग्दर्शक जॉर्ज क्यूकर, आणि सोबत मोठे स्टार हवेत. तिला क्लार्क गेबल आणि स्पेन्सर ट्रेसी पाहिजे होते, मिळाले कॅरी ग्रँट आणि जेम्स स्ट्युअर्ट. दोन वर्षांपूर्वीचं विष १९४०मध्ये एमजीएम स्टुडिओसाठी अमृत झालं.

पण त्या नाटकात आहे काय? एक श्रीमंत, ताठ, सगळ्यांना तुच्छ लेखणारी मुलगी आणि अख्ख्या गोष्टीत प्रत्येक पुरुष येऊन तिला सांगतो की तू कशी थंड आहेस. सिनेमाच्या पहिल्याच सीनमध्ये कॅरी ग्रँट तिच्या तोंडावर पंजा ठेवून तिला आडवी पाडतो. लोकांना हिला पडताना बघायचंच होतं, हे तिने ओळखलं आणि त्याचं तिकीट लावलं. याला बंडखोरी म्हणायचं? मी तरी म्हणणार नाही. बोला.

पावटा_उसळ

अर्धं वाचेपर्यंत मला वाटत होतं रोमन हॉलिडेवालीबद्दल चाललंय 🙈

तिसरी_घंटा

@पावटा_उसळ ती ऑड्री हेपबर्न हो. ती ब्रसेल्सला जन्मलेली, ही हार्टफर्ड कनेटिकटची, नात्यागोत्याचा संबंध नाही. दर वेळी कुणीतरी हे म्हणतंच.

डोंबिवली_फास्ट_८_०२

तुमच्या मुद्द्याला शून्य मार्क. व्यवहारी म्हणे! अहो वडील हार्टफर्डचे नावाजलेले युरॉलॉजिस्ट, आई मतदानाच्या हक्काच्या चळवळीतली पुढारी, मुलगी ब्रिन मॉर कॉलेजात शिकलेली. पिक्चर आपटले तर परत जायला समुद्रकाठी घर (वाहून गेलं तर नवीन बांधायला पैसे). करारातून सुटायला रोकड. हक्क घ्यायला कोण, तर अमेरिकेतल्या सगळ्यात श्रीमंत माणसांपैकी एक आणि तोही तिच्या प्रेमात. एवढं सगळं असेल तर माझी मावशी पण वाटाघाटी करेल.

आणि तुमची पक्की व्यवहारी बाई हिशोब कुणाकडे द्यायची माहितीये का? वडिलांकडे. कमाई सगळी हार्टफर्डला जायची, ते गुंतवायचे आणि हिला खर्चाला पैसे पाठवायचे. ऑस्कर मिळालेली बाई पॉकेटमनीवर! बंडखोर नाही हे मान्य, पण व्यवहारी पण नाही. नशीबवान म्हणा.

शेवटची_रांग

मला दोघांचंही पटत नाही कारण मूळ प्रश्नच कुणी विचारत नाहीये, तिला अभिनय येत होता का? कुठलाही पिक्चर लावा, तीच ती मान वर, तेच नाकातून खेचलेले श्रीमंती उच्चार, तीच लगबग. १९३३ला ब्रॉडवेवर 'द लेक' नावाचं नाटक केलं तेव्हा लेखिका डॉरथी पार्करचा शेरा गाजला होता, की बाईंनी भावनांची अख्खी रेंज दाखवली, ए पासून बी पर्यंत. मला तो शेरा शेवटपर्यंत लागू वाटतो. चार ऑस्कर मिळाली ती अकॅडमीला जुनी माणसं आवडतात म्हणून.

पिटातला_प्रेक्षक

शेवटची_रांग, तो शेरा सगळे सांगतात, त्यानंतरचं कुणी सांगत नाही. 'द लेक' पडतंय हे तिला दिसत होतं आणि प्रयोग चालू असतानाच तिने आवाजाची शिकवणी लावली. निर्माता तेच नाटक घेऊन दौऱ्यावर जाणार होता, तर ते टाळायला तिने त्याला स्वतःच्या खिशातून पैसे दिले. (ही सवयच दिसते, आरकेओलाही पैसे देऊनच सुटली.) पण रंगभूमी सोडली नाही. हॉलिवूडमध्ये जम बसल्यावर कोण परत जातं हो मार खायला? ही गेली. १९५०ला ब्रॉडवेवर शेक्सपिअरची रोझलिंड, ५२ला बर्नार्ड शॉचं नाटक घेऊन थेट लंडन, ५५ला ओल्ड विक या लंडनच्या नाटक कंपनीबरोबर ऑस्ट्रेलियाचा दौरा, ५७ आणि ६०ला कनेटिकटमधल्या स्ट्रॅटफर्डला पुन्हा शेक्सपिअर, पोर्शिया, बिॲट्रिस, व्हायोला, क्लिओपात्रा. समीक्षकांनी काही वेळा सोललं, काही वेळा डोक्यावर घेतलं.

आणि ए ते बी म्हणता तर १९६२चा 'लाँग डेज जर्नी इंटू नाइट' बघा. नाटककार यूजीन ओनीलच्या नाटकावरचा. मॉर्फिनच्या आहारी गेलेली आई, हात कुठे ठेवावेत कळत नाही अशी. त्यात ती लगबग नाही, ताठ मान नाही, काहीच नाही. नेहमीच्या मानधनाच्या मानाने किरकोळ पैशांत केलाय तो.

माझा सगळ्यात आवडता किस्सा मात्र 'कोको'चा. १९६९, वय ६२, ब्रॉडवेवर म्युझिकल, फॅशन डिझायनर कोको शानेलची भूमिका. गाता येत नाही! म्हणजे खरंच येत नाही, रेकॉर्ड आहे, ऐका, मी दोन गाण्यांनंतर बंद केली. तरी ती होती तोवर हाउसफुल, आणि तिच्यानंतर डॅनिएल दारिय आली, तिचं कौतुकही झालं, पण नाटक लवकरच बंद पडलं. लोक गाणं ऐकायला येतच नव्हते. तर थिएटरजवळ एका टॉवरचं बांधकाम चालू होतं आणि दुपारच्या प्रयोगाला ठोकाठोकी ऐकू यायची. हेपबर्न स्वतः सांगायची, की ती गेली सरळ साइटवर, कामगारांशी बोलली, आणि तिच्या गाण्याच्या वेळेला ते हातोडे खाली ठेवायचे. हे नशीब नाही आणि बाबांचा पैसापण नाही.

शेवटची_रांग

गाता येत नसताना तिकीट खपतं याला स्टार म्हणतात, नटी नाही. लाँग डेज बघितलाय. ठीक. एक.

कोकणकन्या_कनेटिकट

मी इथे ओल्ड सेब्रूकपासून जवळ राहते. गावात तिच्या नावाचं छोटंसं थिएटर आहे, सगळे त्याला 'द केट' म्हणतात. ती वारली पण त्याच गावात, २००३ला, ९६ वर्षांची. त्यामुळे जरा घरची बाजू घेणारच 😄

पण मला धाग्यातलं वाकण्याचं प्रकरण अर्धवट वाटलं, कारण खरी वाकली ती त्यानंतर. १९४२चा 'वुमन ऑफ द इयर'. स्क्रिप्ट तिने स्वतः एमजीएमला विकली, लेखक कोण ते न सांगता, कारण दोघे नवखे होते आणि नावं कळली असती तर भाव पडला असता. (तिसरी_घंटा, हा तुमच्या बाजूचा मुद्दा, फुकट घ्या.) सिनेमात ती जगभर हिंडणारी पत्रकार. आणि शेवट काय, स्टुडिओने नंतर जोडलेला, की ही बाई नवऱ्यासाठी नाश्ता करायला जाते आणि तिला धड टोस्ट करता येत नाही, वॉफल उतू जातंय, आणि प्रेक्षक खूश. तिला स्वतःला तो शेवट आवडला नव्हता. तरी केला.

आणि ट्रेसी. त्या सिनेमापासून नऊ पिक्चर एकत्र आणि २५-२६ वर्षांचं नातं, तो विवाहित, कॅथलिक, घटस्फोट कधीच नाही. त्याच्या शेवटच्या आजारपणात हिने पाच वर्षं जवळजवळ काम थांबवलं. 'गेस हूज कमिंग टू डिनर'च्या वेळी विमा कंपन्या त्याचा विमा उतरवायला तयार नव्हत्या, तेव्हा हिने आणि दिग्दर्शक स्टॅन्ली क्रेमरने स्वतःचं मानधन तारण ठेवलं. शूटिंग संपल्यावर १७ दिवसांत तो गेला, १० जून १९६७. त्याच्या बायकोच्या मानासाठी ही अंत्यविधीला गेली नाही. यात कुठला सौदा आणि कुठला टक्का?

तिसरी_घंटा

@कोकणकन्या हे मान्य, इथे माझं गणित चालत नाही. मी करिअरबद्दल लिहिलं होतं, पण ट्रेसीला बाजूला ठेवून तिचं करिअर सांगता येत नाही हेही खरंय.

@डोंबिवली, हिशोब वडील बघायचे हे बरोबर. पण हिशोब ठेवणं वेगळं आणि सौदा करणं वेगळं. आमच्याकडे दुकानाची वही आजोबा लिहायचे, पण गिऱ्हाइकाशी भाव आजीच करायची.

डोंबिवली_फास्ट_८_०२

आजीकडे हॉवर्ड ह्यूज होता का?

सीरियसली सांगतो. पैसा नसलेली बाई स्टुडिओशी भांडते तेव्हा काय होतं ते बघायला लांब जायला नको. १९३९लाच, म्हणजे ही ब्रॉडवेवर टक्का घेत होती त्याच वर्षी, आपल्या शांता आपटे करारावरून प्रभातच्या फाटकावर उपोषणाला बसल्या होत्या. एकीकडे चेक, एकीकडे उपोषण. मी हेपबर्नला कमी लेखत नाहीये, तिचं 'आफ्रिकन क्वीन' मी चार वेळा बघितलंय. पण ती वाटाघाटीची हुशारी वगैरे जे चाललंय ना, त्याच्याखाली जमीन कुणाची होती ते पण लिहा.

पिटातला_प्रेक्षक

शांताबाईंचं उदाहरण मस्त. पण मग विषाच्या यादीतल्या इतरांचं काय? त्यांच्याकडेही पैसा होता. स्वतःसाठी नाटक उभं करून त्याचे हक्क हातात ठेवून परत आलेली त्यातली दुसरी कोण?

डोंबिवली_फास्ट_८_०२

हम्म. हे बघावं लागेल. तरी मत तेच.

रिकामटेकडी

कुणी 'ड्रॅगन सीड' काढला नाही अजून? १९४४. बाई चिनी शेतकरीण झाल्यात, मेकअपने डोळे ओढून, आणि बोलणं तेच कनेटिकटचं. बंडखोर, व्यवहारी, नटी, तिन्ही पक्षांनी एकदा बघाच.

शेवटची_रांग

रिकामटेकडी +१०००. मी काय म्हणत होतो!

कोकणकन्या_कनेटिकट

तो बचाव मी पण करणार नाही.

एक मात्र, चार ऑस्कर जुन्या माणसांच्या प्रेमाने मिळाली म्हणालात, त्यातलं पहिलं २६व्या वर्षीचं आहे. आणि चारपैकी एकही घ्यायला ती गेली नाही. त्या समारंभाला एकदाच आली, १९७४ला, तेही दुसऱ्याला मानाचा पुरस्कार द्यायला. अभिनयाची चार अजून दुसऱ्या कुणाला नाहीत.

शेवटची_रांग

घ्यायला जात नाही म्हणून जास्त चर्चा होते. बघा, हीपण व्यवहाराची गोष्ट. घंटाताईंचं पटायला लागलं मला, अरेरे.

पावटा_उसळ

धागा वाचून काल रात्री फिलाडेल्फिया स्टोरी लावला. तो पंजा ठेवून ढकलायचा सीन आला, मी बायकोला म्हटलं बघ, इथे हिला पाडलंय, यावर इथे भांडणं चाललीत. ती म्हणाली थांब, मागे घे. मागे घेतलं. त्याआधी ही त्याची गोल्फची काठी गुडघ्यावर मोडते ना, ते तिला परत बघायचं होतं. तीन वेळा मागे घेतलं. पुढचा पिक्चर अर्धाच झाला, झोप आली.

ऑड्रीचा धागा कधी काढताय?