कमलाबाई गोखले यांची कारकीर्द १९१३ मध्येच का थांबवली जाते?

१९१३ साली दादासाहेब फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर' या मूकपटात पार्वतीची भूमिका दुर्गाबाई कामत यांनी केली आणि मोहिनीची भूमिका त्यांच्या किशोरवयीन मुलीने, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले यांनी केली. त्याच वर्षीच्या 'राजा हरिश्चंद्र'साठी एकही स्त्री तयार न झाल्यामुळे तारामती व्हावे लागले होते अण्णा साळुंके यांना. भारतीय पडद्यावरच्या पहिल्या स्त्रिया म्हणून हा तपशील सामान्यज्ञानाच्या पुस्तकांत असतो आणि दोघी मायलेकींविषयीची आपली माहिती बहुधा तिथेच संपते.

माझा आक्षेप नेमका यालाच आहे. या दोघी मुळात नाटकातल्या. पतीपासून वेगळे झाल्यावर दुर्गाबाईंनी मुलीला सोबत घेऊन फिरत्या नाटक मंडळीत काम धरले. कमलाबाई अगदी लहानपणापासून रंगमंचावर उभ्या राहत होत्या, आणि फाळके यांचे बोलावणे आले ते मंडळीचे खेळ थांबलेले असताना. चित्रपटाचे काम संपल्यावर त्या पुन्हा नाटकाकडे वळल्या. पुढे रघुनाथराव गोखले यांच्याशी विवाह झाला. पंचविशीच्या सुमारास वैधव्य आले, तरी त्यांनी चंद्रकांत, लालजी आणि सूर्यकांत या तीन मुलांना रंगभूमीवरच्या मिळकतीवर वाढवले. स्त्रीभूमिका पुरुष करत असल्याच्या त्या काळात या बाईंनी नाटकात पुरुषभूमिकाही केल्या. असे आयुष्य 'पहिली बालनायिका' या दोन शब्दांत कोंबणे मला अन्यायाचे वाटते. त्यांची ओळख आधी रंगभूमीवरची अभिनेत्री अशीच द्यायला हवी.

पहिला प्रतिसाद

आपली तळमळ पटते, निष्कर्ष मात्र पटत नाही. नाटकात काम करणाऱ्या स्त्रीकडे समाज वाकड्या नजरेने पाहत होता हे खरे असले, तरी ती प्रेक्षकांसमोर येई ती त्या रात्रीपुरती, त्या गावापुरती. चित्रपटाची प्रत मात्र गावोगाव फिरते आणि चेहरा कोणी, कुठे, किती वेळा पाहावा यावर त्या स्त्रीचा काहीही ताबा उरत नाही. फाळके वेश्यावस्तीत विचारून आले तेव्हा तिथूनही नकार मिळाला, असे सांगतात. ज्या कामाला तिथल्या स्त्रियांनीही नाही म्हटले, ते या दोघींनी स्वीकारले. या धाडसाला तळटीप ठरवायचे काय?

शिवाय रीना मोहन यांनी नव्वदीकडे झुकलेल्या, एकट्या राहणाऱ्या कमलाबाईंवर माहितीपट केला, तो त्या मूकपटातल्या अभिनेत्री होत्या म्हणूनच. १९१३ चा तो एक चित्रपट नसता, तर त्यांच्या दारी कॅमेरा घेऊन कोण गेले असते? नाटक मंडळ्यांतून आयुष्य काढलेल्या कितीतरी स्त्रियांची नावेसुद्धा आज आपल्याला ठाऊक नाहीत.

दुसरा प्रतिसाद

मला दोन्ही बाजू अपुऱ्या वाटतात, कारण अभिनयाबद्दल कोणीच बोलत नाही. 'मोहिनी भस्मासुर' आज पाहायला मिळत नाही. कमलाबाईंची मोहिनी कशी होती, हे त्यामुळे कोणालाच सांगता येणार नाही. याउलट 'कालिया मर्दन' (१९१९) बऱ्याच अंशी शिल्लक आहे. त्याच्या आरंभी कृष्ण झालेली फाळके यांची मुलगी मंदाकिनी कॅमेऱ्यासमोर एकामागून एक भाव दाखवते: राग, हसू, रडू. सात वर्षांच्या मुलीच्या मुद्राभिनयाचा हा नमुना आहे, अशी पाटीही तिथे आहे. हे पाहून अभिनयाविषयी काहीतरी ठामपणे म्हणता येते. तरीही मंदाकिनीचे नाव कमी घेतले जाते. 'लंका दहन'मध्ये (१९१७) राम आणि सीता या दोन्ही भूमिका केलेल्या साळुंके यांचे नाव तर फक्त गमतीची माहिती म्हणून निघते. आपण क्रमांकाला मान देतो, कलेला नाही.

धागाकर्तीचे उत्तर

शिल्लक राहिलेल्या फितीवरूनच कलावंत जोखायचा ठरला, तर जवळजवळ सगळा मूकपट आणि त्या काळची सगळी रंगभूमी बाद करावी लागेल. कमलाबाईंच्या बाबतीत एक वेगळा पुरावा आहे. १९३१ मध्ये बोलपट आला तेव्हा मूकपटातल्या अनेक तारकांचे धाबे दणाणले. सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, यांच्यासारख्या लोकप्रिय नायिकेलाही हिंदुस्थानी शिकण्यासाठी थांबावे लागले. कमलाबाईंना शब्दफेक, पाठांतर आणि गाणे नाटकाने आधीच दिलेले होते. म्हणून पुढे बोलपटांतही त्यांना कामे मिळत राहिली. मूकपटाने त्यांना एक नोंद दिली. उपजीविका, तालीम आणि आवाज हे सगळे रंगभूमीने दिले. मोहन यांच्या माहितीपटातही त्या म्हातारपणी जुन्या नाटकांतले उतारे म्हणून दाखवतात, यावरून त्यांच्या मनात कशाला जागा होती ते दिसते. धाडसाचा मुद्दा मला मान्य आहे, पण ते धाडस करण्याची सवय त्यांना नाटक मंडळीतच लागली होती.

पहिल्या प्रतिसादकाचे उत्तर

बोलपटाचा मुद्दा मी स्वीकारतो. त्या दृष्टीने मी विचार केला नव्हता. मात्र आपल्या मांडणीत कमलाबाई मोठ्या होतात आणि दुर्गाबाई पुन्हा मागे पडतात. मुलीला पुढे तीन पिढ्यांचे घराणे लाभले, नातू विक्रम गोखले यांच्यामुळे नाव घराघरांत राहिले. आईसाठी मात्र ती एकच पार्वती शिल्लक आहे. घर सोडून मंडळीत जाण्याचा आणि नंतर मुलीसह कॅमेऱ्यापुढे उभे राहण्याचा निर्णय तिचा होता. कमलाबाईंपुढे आपण रंगभूमी आधी लिहा, माझी हरकत नाही. दुर्गाबाईंच्या नावापुढे मात्र १९१३ हे साल आणि पार्वतीची भूमिका पहिल्याच ओळीत असली पाहिजे, याबाबत मी मागे हटणार नाही.