आर्बेन्सने राजीनामा का दिला असेल?

रानवाट:
गेले काही दिवस ग्वाटेमालाच्या हाकोबो आर्बेन्सबद्दल वाचतेय आणि एका जागी येऊन अडकलेय. माणूस स्वतः लष्करातला, 1944 च्या हुकूमशाहीविरुद्धच्या क्रांतीत पुढे होता, मग संरक्षणमंत्री आणि 1950 ला निवडून येऊन 1951 ला राष्ट्राध्यक्ष. मग 1954 च्या जूनमध्ये बंडखोरांचा म्होरक्या कास्तियो आर्मास जेमतेम पाचेकशे माणसं घेऊन घुसला तर याने नऊ दिवसांत खुर्ची कशी सोडली? प्लीज कोणीतरी सांगा.

जुनी_पानं:
अगं त्या पाचशेंना कोण घाबरतंय, त्यांना तर सुरुवातीला चांगला मार बसला होता. भीती होती ती मागे उभ्या असलेल्या अमेरिकेची. पैसा, हत्यारं, विमानं सगळं सीआयएचं, वर रेडिओ स्टेशन काढून मोठी फौज राजधानीकडे निघाल्याच्या थापा. सीमेकडे पाठवलेल्या अधिकाऱ्यांनीच हात वर केले, कारण हे बंडखोर हरले तर अमेरिकन सैन्य उतरणार ही धास्ती. शेवटी आर्बेन्स लोकांना बंदुका वाटा म्हणाला तर लष्कराने तेही केलं नाही. आपलेच लोक उलटल्यावर लढणार कोणाच्या जिवावर?

कोरडवाहू:
पण मूळ भांडण जमिनीचं, ते विसरू नका. 1952 चा डिक्री 900 हा कायदा, म्हणजे मोठ्या इस्टेटीतली पडीक जमीन घेऊन भूमिहीनांना द्यायची, साधारण लाखभर कुटुंबांना मिळाली, आणि आर्बेन्सची स्वतःची जमीनही त्यात गेली!! युनायटेड फ्रूट या केळी पिकवणाऱ्या अमेरिकन कंपनीने टॅक्स वाचवायला जमिनीची किंमत कमी दाखवलेली, सरकारने तीच धरून सव्वासहा लाख डॉलर देऊ केले, तर अमेरिकेने कंपनीसाठी दीड कोटीच्या वर मागितले. अमेरिकेचा परराष्ट्रमंत्री डलेस आधी ज्या लॉ फर्ममध्ये होता ती याच कंपनीचं काम करायची. माझ्या मते आर्बेन्स चुकला नाही, शेतकऱ्याला जमीन देणं हा गुन्हा कसा होईल.

रानवाट:
धन्यवाद दोघांनाही, आता उलगडलं. मला वाटलं होतं कच खाल्ली. देश सोडताना विमानतळावर फोटोग्राफरांसमोर त्याचे कपडे उतरवून झडती घेतली ते वाचून फार वाईट वाटलं.

जुनी_पानं:
पुढचं तर वाचवत नाही. देशोदेशी भटकंती, 1965 ला मुलीची आत्महत्या, 1971 ला मेक्सिकोत स्वतः गेला. अस्थी मायदेशी आल्या 1995 ला. सरकारने माफी मागितली 2011 मध्ये, ती घ्यायला मुलगा होता.