ती घसरगुंडी कोरडी आहे

इथे हार्मनी ऑफ द सीज या क्रूझ जहाजावरच्या घसरगुंडीची चर्चा चाललीय, आणि वर कुणीतरी लिहिलंय की जहाजावरची घसरगुंडी म्हणजे कोल्हापूरजवळच्या वॉटर पार्कचाच मोठा प्रकार, पोहण्याचे कपडे घालून जायचं. डिस्ने ड्रीम या दुसऱ्या क्रूझ जहाजावरच्या अ‍ॅक्वाडकसाठी ते बरोबर आहे. तिथे २३३ मीटरच्या पारदर्शक नळीत रबरी तराफ्यावर बसायचं आणि पाण्याचे फवारे तराफा चढावर ढकलतात. पण हार्मनी ऑफ द सीजवरच्या घसरगुंडीत, म्हणजे अल्टिमेट अ‍ॅबिसमध्ये पाण्याचा थेंब नसतो. १६ व्या मजल्यावरून ६ व्यावर, म्हणजे साधारण १०० फूट खाली, चटईवर घसरत यायचं. पाय चटईच्या पुढच्या खिशात घालायचे, हातपट्ट्या धरायच्या आणि मागे रेलायचं. मध्येच उठून बसलात किंवा ओलं अंग कडेला टेकलं की घर्षण वाढून वेग पडतो. म्हणून पोहून थेट तिकडे जाऊ नका, अंग आणि कपडे वाळू द्या. चष्मा, मोबाइल आधीच काढून ठेवा.

मुलं सोबत असतील तर निघण्याआधी उंची कोल्हापुरातच मोजून घ्या, अनवाणी. ४४ इंच, म्हणजे सुमारे ११२ सेंमी लागतातच. अर्धा इंचही सोडत नाहीत, आणि रांगेच्या टोकाशी पोरांचं रडणं बघवत नाही. जोराचा वारा असला की बंद ठेवतात, त्यामुळे शेवटच्या दिवसावर ढकलू नका.