प्लेस्टेशन ३ वर प्लेस्टेशन २ चे गेम: आधी मॉडेल पाहावे

सोनीच्या प्लेस्टेशन २ या गेम यंत्राच्या डिस्क त्यानंतरच्या प्लेस्टेशन ३ वर चालतात का, या प्रश्नाला ‘सरसकट चालतात’ हे उत्तर अपुरे वाटते. नोव्हेंबर २००६ मध्ये जपान व अमेरिकेत आलेल्या २० आणि ६० जीबीच्या यंत्रांत प्लेस्टेशन २ चा मुख्य प्रोसेसर आणि ग्राफिक्स चिप प्रत्यक्ष बसवलेली असल्यामुळे बहुतेक जुने गेम त्यांवर व्यवस्थित चालतात. मार्च २००७ मध्ये युरोपात आलेल्या यंत्रातून तो प्रोसेसर वगळून त्याचे काम सॉफ्टवेअरकडे सोपवले गेले, साहजिकच काही गेम अडखळू लागले. त्याच वर्षीच्या ४० जीबी मॉडेलमध्ये तर ही सोयच उरली नाही आणि नंतरच्या स्लिम यंत्रांतही ती परतली नाही. पहिल्या प्लेस्टेशनच्या डिस्क मात्र सर्व मॉडेल चालवतात.

प्रदेशबंधनाचा, म्हणजे डिस्क त्याच प्रदेशासाठीच्या यंत्रावर चालण्याच्या अटीचा, मुद्दाही लक्षात घ्यावा. प्लेस्टेशन ३ च्या स्वतःच्या गेमना ते सहसा लागू नसले, तरी जुन्या डिस्कना लागू आहे. म्हणजे भारतात घेतलेल्या पॅल (युरोप, भारत अशा प्रदेशांसाठीच्या) डिस्क अमेरिकेहून मागवलेल्या ६० जीबी यंत्रावर चालणार नाहीत. जुन्या मेमरी कार्डवरील सेव्ह (गेममधील साठवलेली प्रगती) हवे असल्यास त्यासाठीचा यूएसबी अ‍ॅडॅप्टर वेगळा शोधावा लागेल.