शॉकअप आधी दाबून बघा

मुलासाठी सायकल घेताना बरेच जण सांगतात की रस्ता खराब असेल तर शॉकअपवाली (पुढे धक्के झेलणारी स्प्रिंग असलेली) एमटीबी, म्हणजे डोंगरवाटांची माउंटन बाइकच घ्या. मला हे पटत नाही. स्वस्त सायकलींच्या फोर्कमधली, म्हणजे पुढचं चाक धरणाऱ्या चिमट्यातली, स्प्रिंग सहसा एवढी कडक असते की २५-३० किलोच्या मुलाच्या वजनाने ती जेमतेम हलते. दुकानातच मुलाला सायकलवर बसवा, पुढचा ब्रेक धरून हँडलवर जोर द्यायला सांगा. फोर्क दोन-तीन सेंटिमीटरही खाली गेला नाही, तर तो नुसता किलोभर जास्तीचा लोखंडी भार. चढावर आणि सायकल उचलताना तोच नडतो.

धक्के खरे टायर खातो. साधा, बिनस्प्रिंगचा फोर्क असलेली २४ इंची हायब्रिड (रस्त्याची सायकल आणि एमटीबी यांच्या मधली) घ्या, पण १.७५ इंची टायर बसेल एवढी जागा फोर्कमध्ये आहे ना ते बघा. हवा टायरच्या कडेला छापलेल्या किमान आकड्याच्या आसपास ठेवा, दुकानदार हमखास दगडासारखी भरून देतो. शिवाय ब्रेकच्या लिव्हरबद्दल कुणी बोलतच नाही. मुलाची बोटं पोचत नसतील तर लिव्हरच्या मुळाशी बहुधा बारीक स्क्रू असतो, तो आत फिरवला की लिव्हर ग्रिपजवळ येते. मग ब्रेकचे पॅड रिमला घासत असतील तर केबल जराशी सैल करायची, पण ब्रेक लागण्याआधीच लिव्हर ग्रिपला टेकत नाही ना ते बघा. खडकाळ पायवाटाच तुडवायच्या असतील तर मात्र एमटीबी.