विकिपीडियावर आमच्या संस्थेचं पान: संस्थापक एक की दोन?

तलावपाळी_ठाणे
नमस्कार मंडळी. नौपाड्यातल्या एका जुन्या संगीत संस्थेच्या ऑफिसात मी अर्धवेळ काम करते, मानधनावर. संस्थेचं नाव मुद्दाम देत नाही. मराठी विकिपीडियावर आमच्यावर जेमतेम आठ-दहा ओळींचा लेख आहे. पहिल्याच ओळीत दोन संस्थापकांची नावं. त्यातले दुसरे गृहस्थ सुरुवातीच्या काळातच बाहेर पडले, तेव्हा बरंच वाजलं होतं म्हणतात. आताच्या कार्यकारिणीच्या मते संस्थापक एकच, सभागृहात ज्यांचा हार घातलेला फोटो आहे ते.

खजिनदारांच्या भाच्याने दुसरं नाव काढलं. संध्याकाळपर्यंत ते परत आलं. पुन्हा काढलं, पुन्हा आलं. परत टाकणारा त्या गृहस्थांचा नातू आहे, त्याच्या सदस्य पानावर तसं स्पष्ट लिहिलंय. संपादनाच्या सारांशात त्याचं "इतिहास पुसू नका", तर आमच्याकडून "खोटी माहिती". शेवटी प्रचालकांनी (तिथले अ‍ॅडमिन) पान सुरक्षित केलं, म्हणजे बदल करायला कुलूप लावलं, आणि नेमकं दोन नावं असताना! अध्यक्ष म्हणतात, "तू दिवसभर कॉम्प्युटरवरच असतेस, तूच निस्तर. आणि वेबसाइटवरचा सगळा परिचय तिथे चिकटव." मी काय करू शकते, काय नाही?

घोडबंदर_रोड
एवढं काय त्यात? वेगळ्या नावाने नवं खातं काढा, दोन-चार मित्रांनाही काढायला सांगा. बहुमत आपलं, विषय संपला.

पामबीच_पेन्शनर
ताई, घोडबंदरभाऊंचं ऐकू नका. एकाच वाक्यासाठी उगवलेली खाती जुन्या संपादकांच्या चटकन डोळ्यात येतात. तपासणीचे अधिकार असलेली मंडळी अंकपत्ते (आयपी अ‍ॅड्रेस) ताडूनही बघू शकतात. २०१३ मध्ये इंग्रजी विकिपीडियावर पैसे घेऊन लेख लिहिणाऱ्या एका कंपनीशी जोडलेली अडीचशेच्या आसपास खाती बंद झाली होती. आणि तिथे डोकी मोजत नाहीत, मुद्दा कोणाचा टिकतो ते बघतात.

मी रिटायर झाल्यापासून इकडच्या गावठाणांवरचे लेख बघतो, त्यामुळे हे नावांचं भांडण नवं नाही. आधी तुमच्या मानधनाचं बघू. विकिमीडियाच्या (विकिपीडिया चालवणारी संस्था) वापराच्या अटींत २०१४ पासून आहे की मोबदला घेऊन संपादन करणाऱ्याने आपण कोणासाठी आणि कोणाच्या पैशाने करतो ते जाहीर करायचं. पगार म्हणा, मानधन म्हणा, अध्यक्षांनी काम म्हणून सांगितलं की ते त्यात आलंच. तेव्हा पहिलं काम: स्वतःच्या सदस्य पानावर एक ओळ, "मी या संस्थेत मानधनावर काम करते." बिचकू नका. हे लिहिणाऱ्याचं म्हणणं उलट जास्त ऐकून घेतात.

दुसरं, लेखाला हात लावू नका, त्याला जोडलेल्या चर्चा पानावर लिहा. भाचा पैसे घेत नसेल, पण हितसंबंध त्याचाही आहे, आणि नातवाचाही. आपल्याच सोसायटीच्या भांडणात आपणच पंच होऊन चालत नाही, तसंच हे. विकिपीडिया सुरू करणाऱ्या खुद्द जिमी वेल्स यांनी २००५ मध्ये स्वतःवरच्या लेखातून लॅरी सँगर विकिपीडियाचे सहसंस्थापक असल्याचा उल्लेख काढला होता. केवढी टीका झाली! तुमच्यासारखीच भानगड, संस्थापक एक की दोन. आज सँगर यांचं नाव त्या लेखात आहे.

आता खरा प्रश्न, पुरावा काय? "आम्हाला माहीत आहे" हे तुमचंही चालणार नाही आणि नातवाचंही. "माझे आजोबा सांगायचे" हा संदर्भ होत नाही. धर्मादाय आयुक्तांकडच्या नोंदणीच्या कागदांत पहिल्या विश्वस्तांची नावं असतील, ती काढून घ्या. पण त्यावरून विश्वस्त कोण होते एवढंच ठरतं. संस्थापक कोणाला म्हणायचं ते आपण कागदावरून परस्पर ठरवायचं नाही, ते आधी कोणीतरी बाहेरच्याने छापलेलं हवं. म्हणजे त्या वेळच्या वर्तमानपत्रातली बातमी, किंवा ठाण्याच्या सांस्कृतिक इतिहासावरच्या पुस्तकातला उल्लेख. ठाण्यातलं मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ पासूनचं आहे, तिथे चौकशी करा. संस्थेची स्मरणिका पत्ता, स्थापनेचं वर्ष वगैरे बिनवादाच्या गोष्टींना चालते. या वादात ती एका पक्षाची साक्ष झाली.

दोन संदर्भ दोन वेगळ्या गोष्टी सांगत असतील तर दोन्ही लिहायचे, कोण काय म्हणतं त्यासकट. कार्यकारिणीला हे आवडणार नाही, मला कल्पना आहे.

सीवूड्सची_सायली
काकांचं वेबसाइटबद्दल सांगायचं राहूनच गेलं. ताई, तो परिचय चिकटवू नका. एक तर तो कॉपीराइटचा मजकूर, उडवला जाईल. संस्थेने रीतसर मुक्त परवाना (कोणीही वापरावं अशी परवानगी) दिला तरी "संगीतसेवेचा अखंड नंदादीप" छापाची वाक्यं कोणी ठेवणार नाही. त्यापेक्षा तुम्ही स्वतः काढलेले वास्तूचे फोटो कॉमन्सवर (विकिपीडियाचं फोटोंचं भांडार) चढवा. त्याला कोणाची हरकत नसते, आणि अध्यक्षांनाही काहीतरी दाखवता येईल. 😄

तलावपाळी_ठाणे
खूप आभार. सदस्य पानावर ओळ टाकली. आजच कपाटात पहिल्या कार्यक्रमाची छापील पत्रिका सापडली. खाली "आपले नम्र" म्हणून दोघांचीही नावं आहेत! अध्यक्षांना दाखवली तर म्हणाले, "निमंत्रक म्हणजे संस्थापक नव्हे." आणि ही पत्रिका बाहेर देऊ नकोस म्हणतात. काय करू?

पामबीच_पेन्शनर
अध्यक्षांचा मुद्दा तसा चुकीचा नाही हो. निमंत्रक म्हणजे संस्थापक असं पत्रिकेवरून सिद्ध होत नाही. शिवाय पत्रिका संस्थेच्या मालकीची, त्यांनी नाही म्हटल्यावर तुम्ही परस्पर स्कॅन करून टाकू नका, नोकरीचा प्रश्न आहे. पण मग "दुसरं नाव खोटं" असं चर्चा पानावर तुमच्या सहीने लिहायलाही नकार द्या. सांगायचंच असेल तर अध्यक्षांनी स्वतःच्या खात्यावरून लिहावं. तुम्ही फक्त एवढंच टाका: संस्थापकांविषयी स्वतंत्र छापील संदर्भ हवा आहे, कोणाकडे असल्यास द्यावा. खाली सही करा आणि त्या चर्चेचा दुवा नातवाच्या चर्चा पानावर ठेवा. जुनी कात्रणं त्याच्या घरी निघण्याचा संभव तुमच्या कपाटापेक्षा जास्त आहे.

घोडबंदर_रोड
एवढी मगजमारी आठ ओळींसाठी??

सीवूड्सची_सायली
भाऊ, गुगलवर संस्थेचं नाव टाकलं की बऱ्याचदा याच आठ ओळी वर येतात. क्लासला नाव घालायला येणारे पालक तेच वाचून येतात.