दंडवते, कोकण आणि आपण चाकरमानी : घरात ऐकलेलं, पाहिलेलं लिहा

लालबागची सुमा
परवा तुतारी एक्स्प्रेसने येत होते. समोरचा कॉलेजातला पोरगा सारखा कुरकुरत होता, "काय हा बर्थ, पाठ मोडली." शेवटी खिडकीतले आजोबा भडकले. "फळीवर झोपून गेलायस कधी? ७७ साली मधु दंडवते रेल्वेमंत्री झाले, तेव्हा कुठे सेकंड क्लासच्या स्लीपरवर दोन इंचांचा फोम आला!" पोरगा विचारतो, कोण दंडवते? झालं, चिपळूण येईपर्यंत डब्यात दुसरा विषय नाही.

आमच्या घरातली गोष्ट अशी की दंडवत्यांचा मतदारसंघ राजापूर, पण इलेक्शन लालबागच्या चाळीत. मतं गावात आणि कमावती माणसं इथे गिरणीत ना. ७७ ला बाबांनी आईला मनीऑर्डर धाडली आणि कुपनावर एवढंच लिहिलं: "भात कापणीचे पैसे दिले का? मत नांगरवाल्याला." नांगरवाला म्हणजे तेव्हाची दंडवत्यांच्या जनता पक्षाची निशाणी. आजी ते कुपन पोस्टमनकडून दोनदा वाचून घ्यायची. तुमच्याकडचं लिहा.

शिवडीचा बाळा
फोम दोन इंच, वर बसणारे गणपतीत सात. दंडवते काय करणार 😄

माहीमकर
माझे काका सिद्धार्थ कॉलेजात त्यांचे विद्यार्थी. फिजिक्स शिकवायचे. काका म्हणतात, लोकसभेत अर्थसंकल्पावर बोलतानाही फळ्यापुढे उभे असल्यासारखेच बोलत, आधी सूत्र मग उदाहरण. काका स्वतः नापास झाले तो भाग ते सांगत नाहीत, आत्याने सांगितला.

देवगडचो झील
रेल्वे एकट्या दंडवत्यांनी आणली असं नको लिहूया हां. त्यांच्या आधी नाथ पै तीनदा निवडून आले, संसदेत कोकण रेल्वे मागून मागून थकले. ७१ च्या जानेवारीत ते गेले, मग दंडवते उभे राहिले आणि ८९ पर्यंत लागोपाठ पाचदा आले. खरं जुळलं ते ९० साली. हे अर्थमंत्री, जॉर्ज फर्नांडिस रेल्वेमंत्री. वेगळं महामंडळ काढलं, रेल्वेने आणि महाराष्ट्र-गोवा-कर्नाटक-केरळ चारही राज्यांनी भांडवल घातलं, बाकी बाँड काढून उभं केलं. बोगदे-पूल इंजिनियर श्रीधरननी पार पाडले. सलग गाडी धावली १९९८ च्या जानेवारीत. आणि काम सुरू झाल्यावर ९१ ला आपल्याच लोकांनी दंडवत्यांना पाडलं! आमच्या घरातली पण मतं फुटलेली, कोणाची ते आजपर्यंत कोणी कबूल करत नाही.

कुर्ल्याची वैनी
भाकऱ्या टाकता टाकता लिहितेय, चुका पोटात घाला. माझे बाबा रेल्वेत फिटर. ७४ च्या मे महिन्यातल्या संपात नोकरी गेली. आई शिंप्याकडून ब्लाउज आणायची, आम्ही बहिणी रात्री हुकं लावत बसायचो. बोटं टोचून टोचून राठ झालेली. बाबा कोणाच्या लग्नाला जाईनात, काय करता म्हणून विचारतील म्हणून. दंडवते मंत्री झाले आणि संपातल्या लोकांना परत घेतलं. कामावर जायच्या आदल्या रात्री आईने ट्रंकेतली खाकी पँट काढली तर बाबांच्या कमरेला राहीना, इतके वाळलेले. दोन्ही बाजूंनी टिपा मारून आत घेतली. आमच्याकडे कोणी दंडवत्यांना नावं ठेवलेली चालत नाहीत, राजकारण काय ते बाहेर.

लालबागची सुमा
वैनी 🙏 काय बोलू.

दादरची रेखा
दंडवत्यांच्या बायकोचं, प्रमिलाताईंचं कोणीच लिहिलं नाही? आणीबाणीत हे बंगळुरूच्या तुरुंगात, त्या येरवड्याला. नवरा-बायकोची भेट म्हणजे पत्रं. ८० ला त्या मुंबईतून खासदार झाल्या, म्हणजे एका घरात दोन खासदार. माझी आई मृणालताई गोरेंच्या महागाईविरुद्धच्या लाटणं मोर्चात होती. ७७ च्या निकालानंतर आमच्या गल्लीत पोरं ओरडत फिरायची, "पाणीवाली बाई दिल्लीत, दिल्लीवाली बाई पाण्यात!" पाणीवाली म्हणजे मृणालताई, दिल्लीवाली इंदिराबाई. आईने त्या रात्री श्रीखंड केलेलं. उन्हाळ्यात, फ्रिज नसताना. आंबट झालं, तरी सगळ्यांनी खाल्लं.

शिवडीचा बाळा
रेखाताई मोर्चातलं लाटणं अजून आहे का? आमच्याकडे रोज मोर्चा असतो.

दादरची रेखा
आहे. पत्ता दे, पाठवते.

राजापूरची सून
मी वेगळं सांगते. आमची हापूसची कलमं रुळाखाली गेली. आजेसासूबाई शेवटपर्यंत गाडीला शिव्या घालायच्या आणि गाडीनेच मुंबईला यायच्या. आणि वर, "एष्टीत कशेडी घाटात ओकायला तरी व्हायचं नाही का, आता मेलं झोपच लागते."

माहीमकर
कशेडीचं नाव काढू नका, आवळासुपारीचा वास आला.

देवगडचो झील
एक राहिलं. गीतांजली एक्स्प्रेस पण त्यांचीच, ७७ चा डिसेंबर, मुंबई-हावडा, तेव्हा तिला वर्गच नव्हते. पहिला वर्ग खाली नाही आणायचा, दुसरा वर न्यायचा, हे त्यांचं म्हणणं. २००५ ला मुंबईतच गेले, देह जे.जे. हॉस्पिटलला दिला. माझी बहीण तेव्हा परळला नर्स होती, ती म्हणते त्या दिवशी वॉर्डातले कोकणातले पेशंट रेडिओ बंद करू देईनात.

कुर्ल्याची वैनी
भाकरी करपली तुमच्यामुळे.

शिवडीचा बाळा
तां सगळा ऱ्हवांदे. साठ दिवस आधीचं बुकिंग उघडलं आणि दोन मिनिटांत वेटिंग. गणपतीक कोणाचा कन्फर्म झाला?

राजापूरची सून
दिवा पॅसेंजर. पहाटे जाऊन उभं राहायचं, डबे घेऊन. येतोस?